वऱ्हाडी हसू, पडद्यावर

जून कोरडा चालला की वाशीम जिल्ह्यातल्या आसेगावासारख्या गावात पारावरचं बोलणं साधारण असं असतं :

"काऊन भाऊ, पाऊस नाई आला का?"

"आला ना. पंचांगात आला. वावरात याचा हाय अजून."

सोयाबीन-तुरीच्या या मुलखात दुबार पेरणी डोक्यावर असतानाही माणसं अशीच बोलतात. अडचण जितकी मोठी, तितकं वाक्य आखूड होतं आणि बोलणाऱ्याचा चेहरा कोराच राहतो.

मराठी सिनेमाने ही वऱ्हाडी बोली बरीच वर्षं गडी, हवालदार, फार तर नायकाचा वेंधळा मित्र यांच्यापुरती ठेवली. सतीश मन्वर यांच्या 'गाभ्रीचा पाऊस'ने (२००९) ती नायकाच्या घरात आणली. शेजारच्या शेतकऱ्याने जीव दिल्यावर अलकाला धसका बसतो, आपला नवरा किसनाही तेच करील. ती लहानग्या दिनूला बापाच्या पाळतीवर ठेवते. किसनाला यातलं काहीच ठाऊक नाही. पोरगं एकसारखं मागे का येतंय, हे कोडं त्याला सुटत नाही. प्रेक्षकाला हसू येतं आणि त्याच वेळी पोटात गोळा उठतो. गिरीश कुलकर्णी आणि सोनाली कुलकर्णी यांनी ही दोन्ही टोकं एका सुरात धरली. शेतकरी आत्महत्येवर इतकं खरं काम मराठी पडद्यावर मी दुसरं पाहिलेलं नाही, आणि त्याचं श्रेय त्या हसण्याला आहे.

मल्याळम सिनेमाने हाच रस्ता कितीतरी पुढे नेला. 'न्ना थान केस कोडू' (२०२२) घडतो कासरगोडकडे. चोरी सोडून दिलेला एक माणूस रात्री रस्त्याने जात असतो. खड्डा चुकवणारी रिक्षा अंगावर येते म्हणून तो आमदाराच्या कुंपणावरून उडी मारतो, आणि आत कुत्री चावतात. वर चोरीचा आळ येतो. हा गडी कोर्टात उभा राहून सांगतो, मूळ दोष खड्ड्याचा, आणि थेट मंत्र्यालाच खेचतो. आसेगावच्या माणसाला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. त्यात न्यायाधीश झालेले पी. पी. कुन्हीकृष्णन त्याच भागातले शिक्षक. भवतालची बरीच माणसंही तिथलीच, बोलीही तिथलीच.

आपल्याकडे 'हेरा फेरी'तल्या बाबूराव आपटेवर सगळे जीव टाकतात. त्याचं मूळ मल्याळम 'रामजी राव स्पीकिंग' (१९८९) मधला मन्नार मथाई. हिंदीत आणताना त्या माणसाला नवं गाव, नवं आडनाव, नवा हेल द्यावा लागला. असा विनोद माणसाच्या मातीसकटच उचलावा लागतो.

वऱ्हाडीची ताकद दिसत नाही असं नाही. भारत गणेशपुरे यांनी ती टीव्हीवरून घराघरांत नेली. सुधाकर रेड्डी यक्कंटी यांच्या 'नाळ'मध्ये (२०१८) श्रीनिवास पोकळेच्या चैत्याने विदर्भाच्या बोलीत आईचा शोध घेतला आणि राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. पण हे सुटे सुटे राहिलं. दरवर्षी दोन-चार सिनेमे या बोलीत यावेत, त्यांत शेतकऱ्याच्या मरणाखेरीजही गोष्टी असाव्यात : सोयरिकी, भाऊहिस्से, बँकेतल्या रांगा, ग्रामपंचायतीची निवडणूक. वऱ्हाडातल्या शाळांच्या गॅदरिंगमध्ये नाटकं बसवणारे शिक्षक गावोगाव आहेत. त्यांना हवालदाराची नव्हे, न्यायाधीशाची भूमिका द्या, आणि निकाल वऱ्हाडीत वाचू द्या.