दगडू, कोफी आणि साकराई

आमच्या झरी गावच्या पारावर एखाद्या पोरानं आगाऊपणा केला, की म्हातारा दमात घेणारच, 'तुझ्या बारशाच्या घुगऱ्या खाल्ल्यात मी!' बारसं आठवणीत राहतंच तसं. आत्या पाळण्यावर वाकते, बाळाच्या कानात नाव सांगून 'कुर्रर्र' करते आणि त्याच क्षणी बायका तिच्या पाठीत धपाधप धपाटे घालतात. नाव ठेवायचा मान आत्याचा आणि मारही आत्यालाच!

आता नावं बघा. दगडू, धोंडिबा, केरबा, उकिरडा. नव्या पोरांना हसू येतं, पण या नावांमागे आईबापाचा जीव टांगणीला लागलेला असायचा. आधीची लेकरं दगावलेली. मग या लेकराला दगड म्हणायचं, केर म्हणायचं, म्हणजे दृष्ट लागत नाही आणि मरणही त्याच्याकडे ढुंकून बघत नाही. मराठीतली सगळ्यात मायेची नावं मला हीच वाटतात.

ही युक्ती जगभर चालते. चीनच्या खेड्यात 'गौशेंग' भेटतो, म्हणजे कुत्र्यानंही खाऊन उरवलेला! नायजेरियातले योरुबा लोक नावातच लेकराला विनवतात: 'मालोमो', पुन्हा जाऊ नकोस. तुर्कस्तानात 'दुर्सुन' म्हणजे हा तरी राहू दे.

त्याच तुर्कस्तानात मुलीचं नाव 'येतेर' असतं. अर्थ, पुरे झालं. आपल्याकडची नकुशी तीच. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात अशा २८५ मुलींनी समारंभानं ते नाव टाकलं. कुणी ऐश्वर्या झाली, कुणी वैशाली. असे समारंभ गावोगाव व्हायला हवेत.

वारावरून नाव? घानात शुक्रवारी जन्मलेला मुलगा कोफी. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान हे असे शुक्रवारचे! आपल्याकडे बुधवारचा बुधाजी.

मराठवाड्यात पिराजी आणि फकिरा ही नावं हिंदू घरांतही सर्रास सापडतात. पिराला नवस बोलायचा आणि मूल झालं की त्याचंच नाव द्यायचं. थेट शहाजीराजांचं नाव घ्या. मालोजीराजांनी नगरच्या शाह शरीफ पिराला नवस केला आणि मुलांची नावं शहाजी, शरीफजी ठेवली, असं परंपरा सांगते.

पण नावांची खरी श्रीमंती बघायची तर संत नामदेवांच्या घरात डोकवा. चार मुलं: नारा, म्हादा, गोंदा, विठा. सगळी देवाचीच नावं, पण घरात हाक मारावी तशी. आणि चार सुना: लाडाई, गोडाई, येसाई, साकराई. एका घरात लाड, गोडी आणि साखर! शिवाय त्याच घरात राबणारी, अभंग रचणारी जनी, आपल्या परभणी जिल्ह्यातल्या गंगाखेडची. नामदेवांचं नरसी आज हिंगोली जिल्ह्यात आहे, पण १ मे १९९९ ला हिंगोली वेगळा होईपर्यंत तेही परभणीतच होतं.

१ मे २०२४ पासून महाराष्ट्रात जन्मलेल्या मुलाच्या नावापुढे सरकारी कागदावर आधी आईचं नाव लागतं, मग वडिलांचं, मग आडनाव. या हिशेबानं शाळेच्या हजेरीत पुकारा झाला असता: नामदेव गोणाई दामाशेटी रेळेकर!