सांकेतिक नावे आणि स्टेल्थ विमानांविषयीचे तर्क : एफ-१९ व अरोरा

गुप्त लष्करी प्रकल्पांच्या अभ्यासात उपलब्ध पुराव्याबरोबरच पुराव्यातील रिकाम्या जागांचाही अर्थ लावावा लागतो. अमेरिकेच्या स्टेल्थ विमानांविषयी १९८०च्या दशकात झालेल्या तर्कवितर्कांच्या आधारे प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा ऊहापोह केला आहे.

स्टेल्थ म्हणजे विमान अदृश्य करणे नव्हे. रडारच्या लहरी रडारकडे कमीत कमी परततील अशी त्याची घडण करणे होय. यामागील गणित मात्र गुप्त नव्हते. कडांवरून होणाऱ्या लहरींच्या विवर्तनावरील प्योत्र उफिम्त्सेव या सोव्हिएत शास्त्रज्ञाचा ग्रंथ १९६२ मध्ये मॉस्कोत उघडपणे प्रसिद्ध झाला होता. त्याचा आधार घेऊन लॉकहीड कंपनीने घडविलेल्या 'हॅव ब्लू' या प्रायोगिक विमानाने १ डिसेंबर १९७७ रोजी पहिले उड्डाण केले. त्यातूनच 'सीनियर ट्रेंड' प्रकल्प, म्हणजे एफ-११७, साकारला. ते विमान जून १९८१ मध्ये प्रथम उडाले.

या जोडनावांत विमानाचे गुण शोधणे व्यर्थ होय. पहिला शब्द प्रकल्प कोणत्या विभागाचा हे सुचवितो : 'सीनियर' हवाई दलाच्या मुख्यालयाचा, 'हॅव' सिस्टिम्स कमांडचा. दुसऱ्या शब्दातून आशयाचा सुगावा लागू नये, हीच अपेक्षा असते.

तर्काला खरे खाद्य मिळाले ते क्रमांकांतून. एफ-१८ नंतर एकदम एफ-२० आल्याने मधला क्रमांक गुप्त विमानाचा असावा, असे अनेकांनी मानले. टेस्टर कंपनीने १९८६ मध्ये 'एफ-१९' ची गोलसर प्रतिकृती बाजारात आणली व ती प्रचंड खपली. १० नोव्हेंबर १९८८ रोजी सरकारने एक धूसर छायाचित्र प्रसिद्ध केले, तेव्हा खरे विमान सपाट पैलूंचे असल्याचे दिसले. १९७०च्या दशकातील संगणकांना वक्र पृष्ठभागांचे गणित झेपत नव्हते. अर्थात, विमान आहे हा तर्क खरा ठरला. नाव आणि आकार चुकले. दरम्यान ११ जुलै १९८६ रोजी कॅलिफोर्नियात बेकर्सफील्डजवळ एक एफ-११७ कोसळून वैमानिकाचा मृत्यू झाला होता. तो कोणते विमान चालवीत होता, हे त्या वेळी जाहीर करण्यात आले नाही. गुप्ततेची ही किंमत प्रतिकृतींच्या कुतूहलात सहसा विसरली जाते.

या अंशतः यशामुळेच पुढचा तर्क अधिक विश्वसनीय वाटला असावा. १९८५ च्या संरक्षण अंदाजपत्रकाच्या कागदपत्रांत 'अरोरा' हा शब्द आढळला आणि एसआर-७१ ची जागा घेणारे अतिवेगवान विमान तयार होत असल्याचा समज पसरला. १९९१ पासून दक्षिण कॅलिफोर्नियात भूकंपमापकांवर नोंदल्या गेलेल्या गूढ गडगडाटांनी त्यात भर घातली. लॉकहीडच्या 'स्कंक वर्क्स' विभागाचे माजी प्रमुख बेन रिच यांनी १९९४ च्या आत्मकथनात मात्र 'अरोरा' हे बी-२ बॉम्बफेकी विमानासाठीच्या स्पर्धेच्या निधीचे नाव असल्याचे लिहिले. त्या अतिवेगवान विमानाचा निर्णायक पुरावा आजही पुढे आलेला नाही.

याउलट, 'टॅसिट ब्लू' हे विमान १९८२ ते १९८५ या काळात १३५ वेळा उडाले होते. अरोराची चर्चा ऐन भरात असताना ते गुप्तच होते. हवाई दलाने ते १९९६ मध्ये उघड केले.