घोड्याशिवाय सर्पदंशाचं औषध?

मुलांनो, साप चावल्यावर दवाखान्यात जे प्रतिविष टोचतात, ते कुठून येतं ठाऊक आहे? घोड्याच्या रक्तातून!

नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चार सापांचं विष अगदी बेताबेतानं घोड्याला टोचतात. मग त्याच्या रक्तात विषाशी लढणारे सैनिक तयार होतात. त्यांना म्हणतात प्रतिपिंडे. घोड्याचं थोडं रक्त काढून ती वेगळी केली, की झालं औषध. ही युक्ती १८९०च्या दशकातली, फ्रान्सच्या आल्बेर काल्मेत यांची. तिनं असंख्य जीव वाचवले.

तरीही २००० ते २०१९ या काळात भारतात दरवर्षी सरासरी ५८ हजार माणसं सर्पदंशानं दगावली, असा अंदाज आहे. बरीचशी तर दवाखान्यात पोचलीच नाहीत. (मांत्रिकाकडे गेलेला वेळ विषाच्याच कामी येतो.) शिवाय घोड्याची प्रतिपिंडे आपल्या शरीराला परकी. कुणाच्या अंगावर गांधी उठतात, कुणाला धाप लागते. आणि त्यातली थोडीच विषावर चालतात, म्हणून बाटल्यांवर बाटल्या लागतात.

मग माणसासारखीच प्रतिपिंडे प्रयोगशाळेत बनवली तर? बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतले कार्तिक सुणगर आणि अमेरिकेतल्या स्क्रिप्स संस्थेतले शास्त्रज्ञ याच्या मागे लागले. त्यांनी यीस्टच्या पेशींवर (हो, पाव फुगवणारं यीस्ट!) अब्जावधी प्रतिपिंडे वाढवली आणि त्यांतून एक निवडलं. नाव ९५मॅट५.

त्याची गंमत ऐका. आपल्या स्नायूवर एक कुलूप असतं. मेंदूचा निरोप किल्लीसारखा त्यात बसला, की स्नायू हलतो. नाग-मण्यारीच्या विषातला एक घटक त्याच कुलपात जाऊन अडकतो. निरोप थांबतो आणि श्वाससुद्धा. ९५मॅट५चा आकार त्या कुलपासारखा! विष फसतं आणि त्यालाच चिकटतं. नाग, मण्यार, आफ्रिकेतला ब्लॅक मांबा, सगळ्यांचा हा घटक एकाच कुलपाचा, म्हणून एकच प्रतिपिंड अनेकांना पुरतं. विष टोचल्यावर वीस मिनिटांनी दिलं तरी उंदीर वाचले. हे संशोधन २०२४ मध्ये प्रसिद्ध झालं.

पण थांबा, हे सगळं उंदरांवर. आणि घोणस, फुरसं यांचं विष निराळंच, ते रक्तावर घाला घालतं. तिथं हे कुलूप कामाचं नाही. त्यांच्यासाठी वेगळी प्रतिपिंडे शोधून सगळ्यांचं मिश्रण करावं लागेल. तोवर साप चावला तर हातपाय न हलवता थेट दवाखाना, आणि तिथं घोड्याचंच औषध.