‘ता.’ म्हणजे काय?

गेल्या पावसाळ्यांत घडलेली एक गोष्ट प्रथम सांगतों. गोष्ट लहान आहे, आणि तिच्यांतील दोष सर्वस्वीं माझा आहे. म्हणून ती सांगण्यास संकोच वाटतो. परंतु तिच्यावांचून पुढील विवेचनाचें प्रयोजन ध्यानांत यावयाचें नाहीं.

वेल्ह्याकडील एका वाडीवर राहणारी एक वृद्ध विधवा बाई निराधार अनुदानाचा अर्ज भरून घेण्यासाठीं भोरांत माझ्याकडे आली. तिचा नातू पूर्वीं माझ्या वर्गांत होता, तेवढीच ओळख. अर्जाचा कागद म्हणजे छायाप्रतीची छायाप्रत. अक्षर पुसट, आणि उजवीकडची कड कापली गेलेली. ‘मु. पो.’ या अक्षरांपुढें मीं तिच्या गांवाचें नांव लिहिलें. खालच्या ओळींत नुसतें ‘ता.’ एवढेंच दिसत होतें. त्याच ओळींत पुढें असावयाचें ‘जि.’ कापलेल्या कडेबरोबर नाहींसें झालें होतें. मीं चष्मा पुसला, भिंतीवरच्या दिनदर्शिकेकडे पाहिलें, आणि त्या जागीं सुवाच्य अक्षरांत त्या दिवसाची तारीख लिहून टाकली. बाईनें अंगठा उठविला आणि अर्ज गेला.

दोन महिन्यांनीं तो परत आला. ‘तालुका नमूद नाहीं’ असा त्यावर शेरा होता. बाईनें कागद माझ्यापुढें ठेवला आणि अगदीं शांतपणें विचारलें, “गुरुजी, तारीख तर बरूबर व्हती न्हवं? मंग चुकलं काय?”

तारीख बरोबर होती, हेंच चुकलें होतें! ज्या पैशांवर तिचें मीठमिरचीचें भागावयाचें, ते पैसे एका अक्षराच्या अर्थापायीं दोन महिने लांबणीवर पडले. आणि तो अर्थ चुकविणारा मनुष्य कोण, तर पस्तीस वर्षें मुलांना संधि आणि समास सोडवावयास शिकविणारा मी. त्या दिवसापासून हें ‘ता.’ माझ्या डोक्यांत घर करून बसलें आहे.

संक्षेपांवांचून आपल्या घरांतलें लिखाण चालत नाहीं. मुलाच्या नांवामागें ‘चि.’, वडिलांच्या नांवामागें ‘ति.’, सुवासिनीच्या नांवामागें ‘सौ.’, निवर्तलेल्या माणसाच्या नांवामागें ‘कै.’, पत्राच्या आरंभीं ‘सा. न. वि. वि.’ आणि लग्नपत्रिकेंत ‘चि. सौ. कां.’ हीं अक्षरें आपण इतक्या सहजपणें लिहितों कीं, त्यांच्यामागें पूर्ण शब्द उभे आहेत याचें भानही राहत नाहीं. परंतु हे संक्षेप एकनिष्ठ आहेत. प्रत्येकाचा अर्थ ठरलेला. ‘ता.’ मात्र एकाच वेळीं तीन घरीं नांदतो. तो तारीख आहे, तालुका आहे, आणि ‘क.’ शीं जोडला गेला म्हणजे ‘ताजा कलम’ ही आहे. एकाच पोस्टकार्डावर हे तिन्ही अर्थ एकत्र येऊं शकतात: माथ्यावर ‘ता. ५’, पत्त्यांत ‘ता. भोर’, आणि शेवटीं ‘ता. क.’

मौजेची गोष्ट अशी कीं, हे तिन्ही शब्द आपल्याकडे फारसी राज्यकारभाराबरोबर आले. ‘तारीख’ हा मूळचा अरबी. त्या भाषेंत त्याचा अर्थ दिवसाचा निर्देश असा आहे तसाच इतिहास असाही आहे, आणि ‘तवारीख’ हें त्याचेंच अनेकवचन. ‘तालुका’ हाही अरबीच. त्याच्या मुळाशीं ‘संबंध’ ही कल्पना आहे. अमुक गांवें अमुक ठाण्याशीं संबद्ध, म्हणून तो तालुका. ‘ताजा’ हा फारसी. आणि ‘कलम’ अरबींतून आला, तरी संस्कृत कोशांतही तो शब्द लेखणी या अर्थीं सांपडतो. शिवछत्रपतींच्या आज्ञेनें रघुनाथपंडितांनीं ‘राज्यव्यवहारकोश’ रचून दरबारांतील अरबी-फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. तरी तारीख आणि तालुका लोकांच्या जिभेवरून हलले नाहींत. विसाव्या शतकांत सावरकरांनीं तारखेस ‘दिनांक’ हा प्रतिशब्द दिला, तो मात्र रुजला. आणि आज कचेऱ्यांच्या कागदांवर ‘ता.’ च्या जागीं बहुधा ‘दि.’ दिसतें. यानें ‘ता.’ चें एक ओझें हलकें झालें खरें, पण पुरतें उतरलें नाहीं. कारण जुन्या वळणाचे लोक अजून तारखेमागें ‘ता.’ च लिहितात. शिवाय ‘दि.’ सही एक जोडीदार आहेच. कित्येक सहकारी पेढ्यांच्या पाट्यांवर आरंभीं जें ‘दि’ असतें, तें दिनांकाचें नव्हे. तें इंग्रजी उपपद होय!

अनेकार्थी शब्दाचा अर्थ कसा ठरवावा, हा प्रश्न आपल्या शास्त्रकारांना नवा नव्हता. ‘सैंधव आण’ हें त्यांचें ठरलेलें उदाहरण. सैंधव म्हणजे मीठ, आणि सिंधुदेशचा घोडाही. यजमान पानावर बसून असें म्हणाला तर मीठ आणावें. प्रवासास निघतांना म्हणाला तर घोडा आणावा. प्रकरण पाहून अर्थ घ्यावयाचा. ‘ता.’ लाही हाच न्याय लागू आहे. पुढें अंक असेल तर तारीख. पुढें ठाण्याचें नांव आणि त्यामागून ‘जि.’ असेल तर तालुका. सही झाल्यानंतर ‘क.’ ला बरोबर घेऊन आला तर ताजा कलम. माझ्यापुढील अर्जांत शेजारचें ‘जि.’ तेवढें कापलें गेलें, आणि मीं जेवणाच्या पानापाशीं घोडा आणून उभा केला!

संक्षेपाचें वेड तर वैयाकरणांइतकें कोणासच नसेल. अर्धी मात्रा वांचली तरी त्यांना पुत्रजन्माएवढा आनंद होतो, अशी त्यांची ख्याति आहे. पाणिनीय व्याकरणांत चौदा सूत्रांमध्यें सर्व वर्ण मांडले असून, प्रत्येक सूत्राच्या शेवटीं खुणेचें एक अक्षर ठेविलें आहे. त्यामुळें ‘अच्’ म्हटलें कीं सारे स्वर, ‘हल्’ म्हटलें कीं सारीं व्यंजनें, असें दोन अक्षरांत काम भागतें. परंतु ‘ण्’ ही खूण दोनदां आली आहे. पहिल्या सूत्राच्या शेवटीं आणि पुन्हां सहाव्याच्या शेवटीं. मग ‘अण्’ हा संक्षेप पहिल्या खुणेपर्यंत समजावा कीं दुसऱ्या? भाष्यकारांनीं निकाल दिला कीं, संशय आला म्हणून सूत्र निरुपयोगी ठरत नाहीं. जाणत्यांच्या व्याख्यानावरून अर्थ निश्चित करावा. त्याप्रमाणें एक सूत्र वगळून सर्वत्र आंखूड ‘अण्’ घेतात, आणि विद्यार्थी हें गुरूच्या तोंडून शिकतो. याचें तात्पर्य इतकेंच कीं, संक्षेप हा लिहिणारा आणि वाचणारा यांच्यामधील करार आहे, आणि तो एका पिढीकडून दुसरीकडे पोंचविणारा कोणी तरी असावा लागतो. तो नसेल तर अक्षर राहतें आणि अर्थ जातो.

हें कसें घडतें तें आमच्या भोर-वेल्ह्याच्या कागदांत चांगलें पाहावयास मिळतें. भोर हें पंतसचिवांचें संस्थान. त्याचे पांच तालुके होते: विचित्रगड, राजगड, प्रचंडगड, पवनमावळ आणि सुधागड. नांवें बहुतेक किल्ल्यांचीं. विचित्रगड म्हणजे रोहिडा आणि प्रचंडगड म्हणजे तोरणा. १९४८ च्या मार्च महिन्यांत संस्थान विलीन झालें. कोंकणांतील सुधागड कुलाबा जिल्ह्याकडे गेला, त्या जिल्ह्याचें नांव १९८१ पासून रायगड आहे; आणि इकडे पुणे जिल्ह्यांत ‘ता. भोर’ व ‘ता. वेल्हे’ हे पत्ते आम्हां लोकांच्या अंगवळणीं पडले. पुढें २०२४ च्या मार्च महिन्यांत राज्य मंत्रिमंडळानें वेल्हे तालुक्यास ‘राजगड’ हें नांव देण्यास मान्यता दिली. शिवछत्रपतींनीं रायगडापूर्वीं जेथून राज्य चालविलें तो गड याच तालुक्यांत उभा आहे. तेव्हां नांव यथार्थच आहे. पण जुन्या कागदांचें काय?

आमच्या घरीं पेटींत एक जुनें खत आहे, त्यावर ‘ता. राजगड’ असें लिहिलेलें आहे. नातवानें तें पाहिलें आणि म्हणाला, “आजोबा, हा कागद तर अगदीं नवा असला पाहिजे, राजगड तालुका आतांच झाला ना?” मीं त्याला खताच्या माथ्यावरील शक, महिना, पक्ष आणि तिथि दाखविली. तेथेंही संक्षेप होतेच: शुद्धाचा ‘शु.’ आणि वद्याचा ‘व.’ दगडावर कोरलेल्या प्राचीन लेखांतही ‘शुदि’ आणि ‘वदि’ अशीं आंखूड रूपें आढळतात. म्हणजे ही खोड कांहीं आजची नव्हे. शक पाहतांच मुलाच्या ध्यानांत आलें कीं, हा राजगड संस्थानी अमदानीचा, आजचा नव्हे. आणि दोहोंच्या सीमा एकच, असें धरून चालतां यावयाचें नाहीं. एकूण काय, पहिला ‘ता.’ वाचल्यावांचून दुसरा ‘ता.’ कळत नाहीं. तारखेवांचून तालुका पोरका.

कोणी म्हणेल, तालुका एवढा कशाला हवा? गांवाचें नांव पुरे नाहीं काय? तें पुरत नाहीं. आंबवडें भोर तालुक्यांत आहे तसेंच सातारा जिल्ह्यांतही आहे. एकाच नांवाचीं दोन गांवें जवळ असलीं तर ‘बु.’ आणि ‘खु.’ लावावे लागतात. बुद्रुक म्हणजे थोरलें, खुर्द म्हणजे धाकटें, आणि हे शब्दही फारसीच. शिवाय आमच्या भागांत भाटघर, पानशेत, वरसगांव अशीं धरणें झालीं. कित्येक गांवें पाण्याखालीं गेलीं, आणि तेथील कित्येक माणसें दुसऱ्या तालुक्यांत जाऊन वसलीं. त्यांच्या जुन्या कागदांवर एक ‘ता.’ आहे आणि नव्यांवर दुसरा. वारसाची नोंद असो कीं जमिनीचा दाखला असो, त्या दोहोंची सांगड त्यांनाच घालून दाखवावी लागते. १५ ऑगस्ट १९७२ पासून पोस्टानें सहा आंकडी पिन सुरू केला, आणि आतां पत्र आंकड्यावर पोंचतें. माणसाचा हक्क मात्र अद्याप तालुक्यावरूनच पोंचतो.

आतां तिसऱ्या ‘ता.’ विषयीं. शिक्षणासाठीं मी पुण्यास होतों, तेव्हां भोराहून वडिलांचें कार्ड दर पंधरवड्यास येई. त्यांत अभ्यास, प्रकृति आणि खर्चाचा हिशेब एवढे तीन विषय ठरलेले. सही झाल्यावर बोटभर जागा उरे, तेथें ‘ता. क.’ असे, आणि तो मजकूर आईचा असे. आई जवळ बसून सांगे आणि वडील लिहीत. ‘ता. क. लोणचें पाठविलें आहे, बरणी उघडी ठेवूं नये.’ ‘ता. क. कपिलेला कालवड झाली.’ एकत्र कुटुंबांत घरच्या पत्रामध्यें स्त्रियांच्या वांट्यास बहुधा एवढीच जागा येई. परंतु कार्ड हातीं पडलें कीं, मी प्रथम तीच ओळ वाचीत असें. आतां कार्डें गेलीं. भ्रमणध्वनीवरच्या निरोपाखालीं सही नसते, म्हणून सहीनंतरचें बोलणेंही नसतें. परवां घरांतील एका मुलाला ‘ता. क.’ चा अर्थ विचारला, तेव्हां त्यानें ‘तारीख कळवावी’ असा सांगितला. सगळे हंसले. पण दोष त्याचा कोठें होता? आम्हीं त्याला कधीं सांगितलेंच नव्हतें.

संक्षेप टाकून द्यावे, असें माझें म्हणणें मुळींच नाहीं. ते आपल्या माणसांत शोभतात. लिहिणारा व वाचणारा एका घरचे आहेत, याची ती एक खूणच आहे. परंतु जेथें वाचणारा अनोळखी आणि मागणारा गरजू, तेथें शब्द पूर्ण लिहावा. ‘तालुका’ लिहावयास अक्षरें किती लागतात? ‘ता.’ पेक्षां दोन अधिक. दोन अक्षरें वांचविण्यासाठीं दोन महिने घालविणें, हा व्यवहार वैयाकरणालाही परवडणारा नाहीं.

दुसरें असें कीं, वाचकांच्या घरींही जुन्या पत्रांचें आणि खतांचें एखादें दप्तर असेलच. सुटीच्या दिवशीं तें काढावें. घरांतील वडील मंडळी आणि मुलें यांना एकत्र बसवावें. आणि प्रत्येक संक्षेपाचा पूर्ण अर्थ वडिलांनीं सांगून मुलांनीं निराळ्या कागदावर लिहून ठेवावा. एका दुपारचें हें काम आहे. सांगणारे आहेत तोंवर तें होईल. नंतर तीं अक्षरें राहतील, पण त्यांचें व्याख्यान करणारा कोणी राहणार नाहीं.

ता. क. — येथें ‘ताजा कलम’ असें वाचावें. त्या बाईचा अर्ज मीं पुन्हां नवा लिहून दिला. ‘तालुका राजगड (पूर्वीचें नांव वेल्हे), जिल्हा पुणे’ असें सविस्तर लिहिलें, आणि खालीं ‘दिनांक’ हा शब्दही अख्खा लिहिला. अर्ज मंजूर झाला. मार्गशीर्षांत ती पायलीभर नवे तांदूळ पदरांत घेऊन आली. मी घेईना, तेव्हां म्हणाली, “घ्या गुरुजी. या खेपेला तालुका बी बरूबर व्हता.”