आरतीशेजारचा कागद
हिजरी वर्ष सुमारे ११ दिवसांनी लहान, त्यात अधिक महिना नाही. म्हणून रमजान ऋतूंतून फिरतो आणि साधारण ३२-३३ वर्षांनी भाद्रपदात येतो. २००९ मध्ये आला होता. आमच्या गल्लीत मंडप मशिदीपासून चार घरांवर. सूर्यास्ताला इकडे मगरिबची अजान, तिकडे स्पीकरवर आरती. पहिल्या संध्याकाळी कुरबुर झालीच, खोटं कशाला सांगू?

दुसऱ्या दिवशी मंडळाची पोरं अब्बांकडून रोजा सुटण्याचं वेळापत्रक घेऊन गेली. ते मंडपात आरतीच्या वेळेशेजारी चिकटवलं. नमाज झाली की आरती, विसर्जनापर्यंत.

आता गल्लीत इमारती झाल्या. ईदला शीरखुर्म्याचे डबे अजून जातात, पण रोजा किती वाजता सुटतो, हे विचारायला कुणी दार वाजवत नाही. आम्ही तरी आरतीची वेळ कुठे विचारतो?