गेम गेला, जागा अडलेलीच

मे महिन्याची सुट्टी, रत्नागिरीतला उकाडा आणि पोरांच्या हातात घरातला एकमेव टॅब. आंब्याच्या पेटीचा फोटो काढायला जावं, तर पडद्यावर सूचना येते : जागा शिल्लक नाही. ‘अगं आई, गेम कधीच काढला मी!’ पोरगं शपथेवर सांगतं. त्यानं काढलेलं असतं ते फक्त चिन्ह. अँड्रॉइडमध्ये चिन्ह सरकवताना ‘काढा’ आणि ‘अनइन्स्टॉल’ असे दोन पर्याय दिसतात. पहिल्यानं दारावरची पाटी उतरते, बिऱ्हाड आतच राहतं.

मुळात ३२ जीबीचा टॅब ३२चा नसतोच. कंपनी हजाराच्या पटीत मोजते, काही यंत्रं १०२४च्या. त्या हिशेबानं उरतात २९.८. त्यातून ऑपरेटिंग सिस्टीम आपला वाटा घेते तो निराळाच.

जागा मोकळी करायची तर ‘कॅशे’, म्हणजे ॲपची तात्पुरती साठवण, बिनधास्त पुसावी, ती पुन्हा तयार होते. ‘डेटा साफ करा’ मात्र जपून! खात्यात साठवलेल्या नसतील तर जिंकलेल्या पातळ्याही जातात, मग घरात रडारड. आयपॅडवर २०१७पासून ‘ऑफलोड’ आहे : ॲप जातं, त्याचा डेटा राहतो.

पुसलं म्हणजे लगेच कोरं झालं, असंही नाही. टॅबमधल्या फ्लॅश मेमरीत लिहिलेल्यावर थेट लिहिता येत नाही. आधी अख्खा ब्लॉक पुसावा लागतो. म्हणून पुसलेली फाइल आधी नुसती ‘रिकामी’ ठरते. कुठले तुकडे आता नको आहेत, हे चिपला कळवण्याचं ‘ट्रिम’ नावाचं काम अँड्रॉइड २०१३च्या ४.३ आवृत्तीपासून करतं, बहुधा रात्री, टॅब चार्जिंगला असताना.