कोलोरॅडोची महाघळ

डोंगर पाहावयाचा म्हणजे मान वर करावयाची, ही आपली जन्माची सवय. सिंहगड असो की रायगड असो, पायथ्याशी उभे राहून आपण आधी वर पाहतो आणि मग कंबर कसतो. अमेरिकेतील ॲरिझोना राज्यात मात्र ही सवय मोडावी लागते. फ्लॅगस्टाफ गावाहून सुमारे ८० मैल सपाट माळावरून आणि पाइनच्या रानातून रस्ता जातो. पुढे काही विशेष असेल अशी शंकाही येत नाही. आणि एकाएकी पायांखालची जमीन संपते. समोर जे दिसते त्याला दरी म्हणावे तर ती दहा मैल रुंद, आणि डोंगर म्हणावे तर सगळी शिखरे आपल्या पायांच्या खाली. कोलोरॅडो नदीने कोरलेली ही महाघळ. जग तिला ग्रँड कॅन्यन या नावाने ओळखते.

आकडे प्रथमच सांगून टाकू, म्हणजे ते मध्ये मध्ये अडथळा करणार नाहीत. नदीच्या वळणांनी मोजली तर या घळीची लांबी २७७ मैल. रुंदी काही ठिकाणी १८ मैलांपर्यंत जाते. खोली सुमारे एक मैल, म्हणजे सिंहगड पायथ्यापासून जेवढा वर चढतो त्याच्या जवळजवळ दुप्पट. परंतु हे आकडे ऐकून काही कळते असा आमचा अनुभव नाही. इ. स. १५४० मध्ये कार्देनास नावाचा स्पॅनिश सरदार हॉपी वाटाड्यांच्या मदतीने या कड्यावर येऊन पोचला. खालची नदी त्यांना लहानशा ओढ्यासारखी दिसली. तीन चपळ माणसे उतरू लागली आणि एक तृतीयांश वाट उतरून परत आली. वरून पुरुषभर उंचीचे वाटणारे खडक प्रत्यक्षात सेव्हिल शहरातील मोठ्या मनोऱ्याहून उंच निघाले, असे त्यांनी सांगितले. डोळ्यांची ही फसवणूक आजही प्रत्येक नव्या पाहुण्याची होते. आमचीही झाली, ती हकिकत पुढे येईलच.

लांबी-रुंदीपेक्षा येथे काळ मोजणे अधिक मोलाचे आहे, आणि त्यासाठी तेथे एक सुंदर सोय केलेली आहे. दक्षिण कड्याच्या काठाने २०१० साली एक पायवाट आखण्यात आली. तिच्यावर एक मीटर चालणे म्हणजे दहा लाख वर्षे मागे जाणे. म्हणजे एक लांब पाऊल टाकले की दहा लाख वर्षे सरली! या मापाने शंभर वर्षांचे मनुष्यायुष्य एक दशांश मिलिमीटर भरते. आपला सह्याद्री ज्या लाव्हारसाने घडला तो सुमारे ६६ पावलांवर भेटेल. आणि या घळीचा अगदी वरचा, म्हणजे सर्वांत तरुण, खडक लागण्यास २७० पावले चालावे लागते. ज्याला आपण पुराणपुरुष समजतो तो सह्याद्री या घळीच्या माथ्यावरील खडकापुढे पोरसवदा ठरतो.

आता या मापाने आपण घळीत उतरू. गाळाचे थर एकावर एक साचतात. तेव्हा ते उलथेपालथे झाले नसतील तर खालचा थर आधीचा, वरचा नंतरचा. एवढा एक नियम ध्यानात ठेवला की पुरे.

माथ्यावरचा कायबाब चुनखडक उथळ समुद्रात तयार झाला. त्यात शिंपल्यांचे आणि स्पंजांचे अवशेष सापडतात. समुद्रसपाटीपासून सात हजार फुटांवर उभे राहून आपण समुद्राचा तळ तुडवीत असतो! त्याच्या खाली थोड्याच अंतरावर कोकोनिनो वालुकाश्माचा फिकट पांढरा कडा लागतो. त्यातील रेघा आडव्या नाहीत, तिरक्या आहेत. वाऱ्याने सरकणाऱ्या वाळूच्या टेकड्यांत अशाच तिरक्या रेघा पडतात. म्हणजे येथे एके काळी वाळवंट होते, आणि त्या वाळूवरून चाललेल्या प्राण्यांची पावले दगडात उमटून राहिली आहेत. त्याखाली हर्मिटचे तांबडे, ठिसूळ थर. त्यात नेच्यासारख्या वनस्पतींचे ठसे. आणखी खाली सुमारे पाचशे फूट उंचीचा, ३४० पावलांवरचा, रेडवॉल चुनखडकाचा कडा. नाव ‘तांबडी भिंत’, रंगही तांबडा. परंतु हा खडक मुळात करडा आहे. वरच्या थरांतील लोहाचा गंज पावसाने ओघळून त्याच्या अंगावर चढला आहे. तात्पर्य, खडकाचीसुद्धा पारख वरच्या रंगावरून करू नये.

सुमारे ५०८ पावलांवर टॅपीट्स वालुकाश्म येतो. ही एका प्राचीन समुद्राच्या किनाऱ्यावरील वाळू. तिच्या लगेच खाली हात ठेवावा तर काळा, पिळवटलेला, गुलाबी ग्रॅनाइटच्या शिरांनी भरलेला खडक लागतो. त्याचे वय सुमारे १७५ कोटी वर्षे, म्हणजे १७५० पावले! वरच्या खडकावर अंगठा आणि खालच्यावर करंगळी टेकवता येते, आणि त्या दोहोंच्या मध्ये १२०० पावलांहून अधिक काळ हरवलेला असतो. भूशास्त्रज्ञ याला ‘महाविसंगती’ म्हणतात. याचा अर्थ त्या काळात काही घडलेच नाही असा नव्हे. डोंगर उभे राहिले, झिजले, त्यांचा गाळ साचला, तोही पुष्कळसा वाहून गेला. त्या गाळाचे कललेले थर घळीच्या काही भागांत कोपऱ्याकोपऱ्यांतून शिल्लक आहेत. बाकी सारे पुसले गेले. खडकांच्या दप्तरात नोंदी असतात तशी गहाळ पानेही असतात. आणि पान गहाळ आहे हे ओळखणे हीसुद्धा विद्याच आहे.

वये कशी काढतात, असा प्रश्न येथे कोणीही विचारील, आणि तो विचारावाच. ज्वालामुखीच्या राखेत व ग्रॅनाइटमध्ये झिर्कॉन नावाचे बारीक स्फटिक असतात. स्फटिक बनताना त्यात थोडे युरेनियम अडकते, शिसे मात्र जवळजवळ शिरत नाही. युरेनियमचे ठरावीक गतीने शिसे होत जाते. ही गती प्रयोगशाळेत मोजलेली आहे. तेव्हा आज स्फटिकात किती युरेनियम उरले आणि किती शिसे जमले हे तोलले की वय मिळते. वाळूच्या घड्याळात खाली किती वाळू पडली यावरून वेळ सांगावी, तसा हा हिशेब.

तळच्या त्या काळ्या खडकाचे नाव ऐकून मराठी माणूस चपापतो. त्याचे नाव ‘विष्णू शिस्ट’. शेजारच्या खडकांची नावे ‘ब्रह्मा’ आणि ‘राम’. याचे मूळ एका रसिक भूशास्त्रज्ञात आहे. क्लॅरेन्स डटन याने या प्रदेशाचा अभ्यास करून १८८२ साली आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. घळीत सुटे उभे राहिलेले सुळके त्याला पूर्वेकडील देवालयांसारखे वाटले, आणि त्याने त्यांना ‘विष्णू मंदिर’, ‘शिव मंदिर’ अशी नावे दिली. पुढे इतरांनी तोच परिपाठ चालविला, आणि खडकांनाही ती नावे लागली. तेथे कोणी भारतीय गेला नव्हता की कोणती पुराणकथा घडली नव्हती. नावाच्या आधारे भलते तर्क लढविण्याची आपल्याकडे हौस फार, म्हणून एवढे सांगितले.

आता घळ कोणी कोरली? नदीने, परंतु एकट्या नदीने नव्हे. खडक फार जुने, पण घळ त्या मानाने अगदी अलीकडची: तिचा बहुतेक भाग गेल्या पाच-सहा पावलांत कोरला गेला. काही तुकडे त्याहून पुष्कळ जुने असावेत, आणि त्यांचे वय किती यावर आजही शास्त्रज्ञांत वाद आहे. मुख्य गोष्ट अशी की भूगर्भातील हालचालींनी हे सारे पठार उंच उचलले गेले. उंची मिळाली म्हणून उतार मिळाला, आणि उतार मिळाला म्हणून पाण्याला जोर आला. पाणी स्वतः दगड कापीत नाही. पुरात लोटत येणारे गोटे, वाळू आणि गाळ ही त्याची हत्यारे. या नदीचे पाणी इतके गढूळ असे की ते पिण्यास फार दाट आणि नांगरण्यास फार पातळ, अशी लोक थट्टा करीत. ‘कोलोरॅडो’ या स्पॅनिश शब्दाचा अर्थच तांबूस.

पण नदी फक्त खाली कापते. नुसती नदीच असती तर एक उभी, अरुंद चीर पडली असती. रुंदी दिली ती पावसाच्या लोंढ्यांनी, भेगांत गोठून फुगणाऱ्या बर्फाने आणि कोसळणाऱ्या दरडींनी. कठीण चुनखडक व वालुकाश्म यांचे उभे कडे होतात. मऊ मातकट थरांचे उतार होतात. मऊ थर झिजला की वरच्या कड्याचा आधार जातो आणि कडा ढासळतो. यातूनच ते प्रसिद्ध जिने तयार झाले. हवा कोरडी आहे म्हणून त्यांच्या कडा अशा धारदार राहिल्या. कोकणातला पाऊस तेथे पडता तर सारे गोलाकार होऊन झाडोऱ्याखाली गडप झाले असते. उत्तर कडा दक्षिणेपेक्षा सुमारे हजार फूट उंच आहे आणि जमिनीचा कल दक्षिणेकडे आहे. त्यामुळे उत्तरेचे पाणी घळीत येते आणि दक्षिणेचे घळीपासून दूर जाते. म्हणून उत्तर बाजू अधिक झिजली, आणि नदी दक्षिण काठाच्या जवळ राहिली.

ही नदी शास्त्रज्ञाच्या नजरेने कोणी पाहिली? मेजर जॉन वेस्ली पॉवेल याने. युद्धात उजवा हात गमावलेला हा गृहस्थ २४ मे १८६९ रोजी नऊ सोबत्यांसह चार होड्या घेऊन वायोमिंगमधून निघाला. एक होडी धोंड्यांवर फुटली, एक सोबती लवकरच परत गेला, अन्न सडले. शेवटच्या टप्प्यात पुढचा प्रपात पाहून तीन सोबत्यांनी नदी सोडली आणि ते कडा चढून गेले. ते पुन्हा जिवंत दिसले नाहीत. उरलेले सहाजण दोन दिवसांत घळीच्या बाहेर सुखरूप पडले. धैर्याचा निवाडा कोणी करावा? त्या तिघांचा तर्क त्या क्षणी चुकीचा होता असे म्हणवत नाही.

आज तेथे जाणे सोपे आहे. १९१९ साली हे राष्ट्रीय उद्यान झाले, १९७९ मध्ये जागतिक वारशात गणले गेले, आणि २०२३ साली सत्तेचाळीस लाखांच्या आसपास लोक येऊन गेले. दक्षिण कडा बारमाही उघडा असतो; उत्तर कडा हिवाळ्यात बर्फामुळे बंद होतो. तेथील जुने विश्रामगृह २०२५ च्या जुलैमधील वणव्यात जळाले. एका कड्यावरून दुसरा दहा मैलांवर दिसतो, पण मोटारीने तेथे पोचण्यास सुमारे २१५ मैलांचा वळसा पडतो.

खाली उतरणाऱ्यांना मात्र आम्ही कळकळीने सांगू. गडावर आधी चढ आणि थकल्यावर उतार. येथे आधी उतार आणि थकल्यावर चढ. आम्ही सकाळच्या गारव्यात गप्पा मारीत ब्राइट एंजल वाटेने उतरलो. ‘आणखी एकच वळण’ असे म्हणत बरेच खाली गेलो, आणि परतताना दर वीस पावलांवर सावली शोधू लागलो. पाणीही संपत आले होते. एका अनोळखी बाईंनी आपल्या बाटलीतले दिले. उतरायला जेवढा वेळ लागतो त्याच्या दुप्पट चढायला धरावा. वर सुखद हवा असताना उन्हाळ्यात तळाशी पारा चाळीस अंशांच्या वर जातो. एका दिवसात नदीपर्यंत जाऊन परत येण्याचे साहस करू नये. दरवर्षी अशांना सोडवून आणावे लागते.

त्या वाटेवर मध्ये झऱ्याकाठी हिरवी जागा लागते. तेथे हवासुपाई लोकांची शेती होती; ती वाटही मूळची त्यांचीच. ‘हवासुपाई’ म्हणजे निळ्या-हिरव्या पाण्याचे लोक. १८८२ साली सरकारने त्यांना घळीतील ५१८ एकरांत कोंडले, आणि पुढे उद्यान झाल्यावर या झऱ्यावरूनही हालविले. दीर्घ झगड्यानंतर १९७५ च्या कायद्याने सुमारे १ लाख ८५ हजार एकर जमीन परत मिळाली. २०२२ साली त्या जागेला ‘हवासुपाई गार्डन्स’ हे नाव देण्यात आले. रम्य स्थळे रिकामी होती म्हणून उद्याने झाली, असे समजण्याचे कारण नाही.

शेवटी नदीविषयी. गेल्या दहा लाख वर्षांत पश्चिम भागात ज्वालामुखींचा रस अनेकदा घळीत ओतला आणि नदी अडली. प्रत्येक वेळी तिने तो बांध फोडला. १९६३ साली मनुष्याने वरच्या बाजूस ग्लेन कॅन्यन धरणाची दारे लावली. तेव्हापासून गाळ जलाशयात बसतो आणि घळीत गार, स्वच्छ पाणी येते. हत्यारेच काढून घेतल्यावर कारागीर काय करणार? काठच्या वाळूच्या पुळणी वाहून जातात, त्या नव्याने भरत नाहीत. गढूळ, उबदार पाण्याला सरावलेले देशी मासे संकटात आले. १९९६ पासून मुद्दाम पूर सोडून वाळू काठावर चढविण्याचे प्रयोग होत आहेत. इकडे सुमारे चार कोटी लोक या पाण्यावर अवलंबून आहेत. १९२२ च्या कराराने पाण्याची वाटणी झाली ती नेमक्या चांगल्या पावसाच्या वर्षांच्या हिशेबाने. २००० नंतर दीर्घ अवर्षण आले, आणि २०२१ साली नदीच्या खालच्या खोऱ्यात प्रथमच पाणीटंचाई अधिकृतपणे जाहीर करावी लागली. बहुतेक वर्षी ही नदी समुद्रापर्यंत पोचतही नाही.

धरण असू नये असे आमचे म्हणणे नाही. ज्या घरात नळ आहे त्याने असे बोलू नये. परंतु १७५० पावलांच्या वाटेवर आपले सारे धरणपर्व दहावा हिस्सा मिलिमीटरसुद्धा भरत नाही, आणि एवढ्यात आपण नदीचे पाणी तिच्याजवळ आहे त्याहून अधिक वाटून बसलो. नदीला घाई नाही. ती हाही बांध केव्हातरी फोडील. घाई आपल्याला आहे, कारण तहान आपल्याला लागते. कड्यावर उभे राहून खाली पाहताना एवढे ध्यानात आले, तरी तो लांबचा प्रवास फुकट गेला नाही असे आम्ही समजू.